फिन्लेच्या मोज्यांतलं दगडफूल

हॅरिस बेटावरच्या आर्डगील गावात चुलीतला विस्तव रात्री कुणी विझवत नाही. पीटचे, म्हणजे दलदलीतून कापून वाळवलेल्या काळ्या मातीचे, निखारे मध्ये ओढायचे, वर राख पसरायची, देवाचं नाव घ्यायचं आणि झोपायचं. सकाळी राख सारली की खाली विस्तव जागाच. ऐरिक मॅकॅस्किलचा राग या जातीचा होता. बाहेरून बघणाऱ्याला वाटे, बाई किती शांत! शेजारच्या गोर्मेल म्हातारीनं मात्र ऐरिकला पाळण्यात पाहिलेलं होतं. ती गावात आलेल्या नव्या सुनांना सांगे, "पोरींनो, ती ओरडत असली तर खुशाल उभ्या राहा. पण तिनं गोड आवाजात चहा विचारला ना, की घरी जाऊन कडी लावून घ्या."

ऐरिकचा नवरा तरुणपणीच छातीच्या दुखण्यानं गेला. मूलबाळ नाही. मागे राहिलं एक घर, थोड्या मेंढ्या, एक माग आणि ओढ्याकाठचं तीन पायांचं लोखंडी भांडं. भांडं एवढं मोठं की त्यात पाद्रीबाबा उभे मावले असते. मापाला पाद्रीबाबाच का, असं कुणी विचारलं तर ती म्हणे, "दुसरं कोण इतका वेळ स्वस्थ उभं राहतं?" त्या भांड्यात ती लोकर रंगवायची. बाकीच्या बायकाही रंगवत, पण ऐरिकचा क्रोटलचा रंग म्हटलं की हॅरिस बेटाच्या दुसऱ्या टोकाची बाईसुद्धा मान हलवायची. मान हलवताना तोंड जरा वाकडं व्हायचं, पण कौतुकाचा तो भाग सगळीकडे सारखाच.

क्रोटल म्हणजे दगडफूल. आपल्या काळ्या मसाल्यात पडतं त्याचं सख्खं नव्हे, चुलत भावंड. शास्त्रातल्या मंडळींनी हे घराणं वेगळं मांडलंय आणि त्याला पार्मेलिया असं भारदस्त नाव दिलंय. एक बुरशी आणि तिच्या पोटात राहणारं हिरवं शेवाळ, असा हा संसार. बुरशीनं घर बांधायचं, शेवाळानं उन्हावर स्वयंपाक करायचा, आणि दोघांनी मिळून उघड्या दगडावर वर्षानुवर्षं काढायची. इतका टिकलेला आणि इतका बिनआवाजी संसार आर्डगीलमध्ये दुसरा नव्हता.

आणि दगडाला तर तिथे तोटाच नाही. हॅरिसच्या पूर्व किनाऱ्यावर इतका दगड आहे की माणूस मेला तर त्याला पुरण्यापुरती माती मिळत नाही. खांद्यावर घेऊन डोंगर ओलांडून पश्चिमेला न्यावं लागतं. जिथे मेलेल्यांना जागा नाही तिथे क्रोटल मात्र सुखानं पसरतं. या घराण्याच्या खुणा गावातल्या शेंबड्या पोरीलाही पाठ: अंग पानासारखं चपटं, कडेला कातरून काढल्यासारखे लांबट फाटे, वर फिकट रेषांची जाळी, आणि उलटं केलं की खालचं अंग काळंकुट्ट. त्या काळ्या अंगाला बारीक मुळ्यांचे केस, त्यांनी दगड घट्ट धरलेला.

एवढं सगळ्यांना कळे. पुढची पोटजात ओळखायला ऐरिक लागायची. तिच्या हिशेबी क्रोटल तीन. पहिलं तपकिरी, चकचकीत, अंगावर ना कण ना भुकटी. ते फक्त दगडावर येतं. ही राणी. दुसरं करडं, त्याच्या पाठीवर रव्यासारखे बारीक कण. ते दगडावरही येतं आणि झाड मिळालं तर झाडावरही. ही शेजारीण, कुणाकडेही जाऊन बसणारी. तिसरंही करडंच, पण त्याच्या जाळीच्या रेषा उकलतात आणि त्यातून पिठूळ भुकटी सांडते. कुंपणाचा खांब असो, गोठ्याचं लाकूड असो, त्याला काहीही चालतं. ही भिकारीण. भिकारणीला ऐरिक हात लावत नसे.

गावातल्या माणसांचीही तिनं अशीच वर्गवारी करून ठेवली होती. त्यात फिन्ले मॉरिसन कुठे बसतो असं गोर्मेलनं एकदा विचारलं. ऐरिक म्हणाली, "घराण्यातलाच आहे. वरून करडा, उलटा केला तर काळा, आणि जिथे टेकेल तिथे मुळ्या रोवणारा."

हा फिन्ले म्हणजे गावच्या मोठ्या मचव्याचा तांडेल. आर्डगीलला फिन्ले बरेच, म्हणून याला सगळे तपकिऱ्या फिन्ले म्हणत. तपकिरीची डबी त्याच्या खिशात आणि चिमूट नाकात, वर्षानुवर्षं. ते नाक आता केवळ चेहऱ्याच्या शोभेसाठी उरलं होतं. सडक्या मासळीचं पिंप आणि गुलाबाचं फूल यांत त्याला फरक कळत नसे. लग्न केलेलं नव्हतं. घर त्याची थोरली बहीण बेहाक सांभाळी. माणूस समुद्रावर शूर होता, हे ऐरिकही नाकारत नसे. पण एका गोष्टीला तो घाबरे, आणि तिथले सगळेच कोळी घाबरत: क्रोटलला.

तिकडे म्हणच आहे, दगडावरचं दगडाकडे जातं. क्रोटलनं रंगवलेलं काही अंगावर घालून समुद्रावर गेलं की ते आपल्या खडकाकडे ओढ घेतं, आणि जाताना माणसाला बरोबर नेतं. म्हणून कोळ्याच्या पायात तांबूस तपकिरी मोजा कधी दिसायचा नाही. जमिनीवर क्रोटलचा कोट घालून देवळात मिरवतील. होडीत पाय टाकायच्या आधी तो काढून ठेवतील.

आता ऐरिकच्या घरामागच्या खडकाची गोष्ट. हा खडक तिच्या आजीनं खरवडला होता. क्रोटल वाढतं मुंगीच्या पावलानं. एकदा खरवडलेला खडक पुन्हा भरायला माणसाचं निम्मं आयुष्य जातं. आईनं त्याला हात लावला नाही. मरताना म्हणाली, "तुझ्या केसांत पांढरं आलं की घे. त्याआधी नाही." ऐरिक थांबली. दर वेळी श्रावणसरीसारखी सर पडून गेली की क्रोटल मऊ होतं, तेव्हा ती दुसऱ्या खडकांवर चमचा चालवायची आणि या खडकाकडे, लग्नाचं लुगडं ट्रंकेत बघावं तसं, नुसतं बघून यायची. शेवटी एका ऑगस्टात आरशात पांढरा केस दिसला. बाकीच्या बायका अशा वेळी उसासा टाकतात. ऐरिकनं लोखंडी चमचा घेतला आणि गाणं म्हणत डोंगर चढली.

भांड्यात एक थर लोकर, एक थर क्रोटल, पुन्हा लोकर, पुन्हा क्रोटल, वर ओढ्याचं पाणी, खाली पीटचा जाळ, दिवसभर. संध्याकाळी लोकर वर काढली तर गोर्मेल काही बोललीच नाही. गोर्मेल गप्प बसली, ही बातमी गावभर झाली. उन्हाळ्यात हरणाची पाठ उन्हात चमकते तो रंग, आणि त्याच्या आत कुठेतरी निखारा. ऐरिकनं ती लोकर वर्षभर कातली, विणली. सप्टेंबरात कापड तयार झालं तेव्हा ते टार्बर्ट गावच्या प्रदर्शनाला पाठवायचं ठरलं. रस्ता तेव्हा झालेला नव्हता. जे जायचं ते समुद्रानं. ऐरिकनं कापड शिडाच्या जाड कापडात गुंडाळलं, दोरीनं बांधलं आणि फिन्लेच्या मचव्यावर चढवलं. आत काय, हे त्यानं विचारलं नाही आणि तिनं सांगितलं नाही.

वाटेत वारा फिरला. मचवा असा कलला की सामान घरंगळलं, दोरी सुटली आणि शिडाच्या कापडातून तो रंग बाहेर डोकावला. फिन्ले ओरडला, "क्रोटल! कुणी आणलं माझ्या होडीत क्रोटल?" आणि कुणी उत्तर देण्याआधी अख्खा गठ्ठा उचलून पाण्यात.

ऐरिकला हे सांगितलं तिच्या भाच्यानं, इव्हननं. तो मचव्यावर खलाशी होता. सांगताना बिचारा टोपी पिळत होता. "आत्या, मी धरायला धावलो गं. पण तो म्हणाला, पोरा, तूही जा हवं तर मागोमाग."

"आणि मग?"

"मग... वारा पडला."

हाच खरा घात. वारा पडायचा होता म्हणून पडला. पण फिन्लेला पुरावा मिळाला. त्यानं धक्क्यावर उतरल्या उतरल्या जाहीर केलं की आज आपण मचव्यावरच्या सगळ्यांचे जीव वाचवले. ऐरिककडे तो आला तोही माफी मागायला नव्हे. दारात उभा राहून, तपकिरीची चिमूट ओढून म्हणाला, "ऐरिक, कापड परत विणता येतं गं. माणूस नाही विणता येत."

हे वाक्य गावाला फार आवडलं. लोक ते एकमेकांना सांगू लागले. एका प्रेतयात्रेत तर कुणीतरी ते ऐरिकलाच सांगितलं.

ऐरिक फिन्लेला एवढंच म्हणाली, "चहा घेतोस?"

तिला काय हवं होतं, ते तिनं गोर्मेलला त्याच दिवशी सांगून टाकलं. कापड परत येणार नव्हतं. तो रंगही तिच्या हयातीत परत येणार नव्हता. खडक उघडा पडला होता आणि तो पुन्हा भरेल तेव्हा भरेल, बघायला ती नसेल. "मला त्याच्या तोंडून एक वाक्य हवंय," ती म्हणाली. "चार लोकांसमोर. 'मी ऐरिकचं कापड उगाच फेकलं.' बस्स."

"तो मेला तरी म्हणायचा नाही," गोर्मेल म्हणाली.

"मेला तर कसा म्हणेल? जिवंतपणीच म्हणायला लावते."

हिवाळा तोंडावर आला आणि बेहाक निळं सूत मागायला आली. निळीचं पिंप ऐरिककडेच होतं. नीळ विरघळायला शिळं मूत लागतं, आणि तो साठा अख्ख्या आळीच्या सकाळच्या सहकार्यावर चालायचा. त्यामुळे गावातला प्रत्येक निळा मोजा हा एका अर्थी सार्वजनिक उपक्रम होता. बेहाक म्हणाली, "फिन्लेला हिवाळ्यासाठी मोजे विणायचेत. चांगलं गडद निळं दे."

ऐरिककडे घरामागच्या खडकाच्या रंगाचं थोडं सूत उरलं होतं. तेवढंच. ते तिनं उशाशी ठेवलं होतं. त्या रात्री तिनं ते सूत हातात घेतलं, गालाला लावलं, आणि सकाळी निळीच्या पिंपात बुडवलं. एकदा, पुन्हा, पुन्हा. वरून ते मध्यरात्रीसारखं निळं-काळं झालं. क्रोटलचा वास मात्र कशानं जात नाही. धुवा, वाळवा, पुरा, तो राहतोच. पण नाक तपकिऱ्याचं होतं.

इव्हन त्याच मचव्यावर जातो याचा विचार तिनं केला नाही असं नाही. पण तिनं म्हण पुन्हा पुन्हा नीट घोळवून पाहिली. म्हण घालणाऱ्याबद्दल होती. शेजारी बसणाऱ्याबद्दल तिच्यात अक्षर नव्हतं. वकिलालाही मान्य व्हावं असं हे वाचन होतं. शिवाय तिचा म्हणीवर विश्वास होता का? जमिनीवर असताना मुळीच नाही. आणि ती कायम जमिनीवरच असे.

मोजे विणले गेले, पायात गेले, आणि फिन्ले हेरिंग मासळीच्या हंगामाला निघाला. इथवर बेत सरळ होता: हंगाम संपू द्यायचा, फिन्लेनं सुखरूप परत यायचं, मग सगळ्यांसमोर सांगायचं की अरे शहाण्या, सबंध हिवाळा तू क्रोटल पायात घालून हिंडलास आणि तुझा केस वाकडा झाला नाही. मग ते कापड कशापायी फेकलंस?

पण पहिलं वादळ आलं आणि ऐरिकच्या ध्यानात एक गोष्ट आली. हा मेला बुडाला तर? बुडाला तर म्हण खरी, फिन्ले खरा, कापड फेकलं ते योग्यच, आणि वाक्य कायमचं समुद्राच्या तळाशी. सूड घ्यायचा तर शत्रू सुखरूप हवा! ती शाल ओढून डोंगरावर गेली आणि मचव्याचं शीड दिसेपर्यंत गारांत उभी राहिली. पुढच्या वादळातही. त्याच्या पुढच्याही. रात्रीच्या प्रार्थनेत तिनं फिन्लेचं नाव घातलं. नवऱ्याच्या आजारपणात केली नव्हती इतकी कळवळून प्रार्थना केली. "देवा, त्याला सांभाळ. त्याला माझ्यासाठी ठेव."

गावानं ही विधवा वाऱ्यापावसात डोंगरावर उभी पाहिली. गावाला एवढं पुष्कळ असतं.

"तुला कळलं का," विहिरीवर एक बाई दुसरीला म्हणाली, "कापड गेलं, पण काळीज सापडलं म्हणतात."

"कुणाचं?"

"तपकिऱ्याचं. आणि कुणाचं असणार? त्याला दुसऱ्या कुणी घेतलंय?"

हे फिरत फिरत फिन्लेच्या कानावर गेलं. त्यानं दाढी कातरली. त्यात भर म्हणजे त्या हंगामात मचव्याला अशी हेरिंग लागली की जाळी फाटायची वेळ आली. तो धक्क्यावर उतरताना आता डोंगराकडे बघून टोपी उचलू लागला. वर ऐरिक दातओठ खात असायची; खालून ते हसण्यासारखं दिसे.

फेब्रुवारीत हंगाम संपला. शेवटच्या दिवशी अख्खं गाव मासळी घ्यायला धक्क्यावर होतं. फिन्ले उतरला, ऐरिक समोरच उभी. त्यानं गळा साफ केला. देवळात ओळ देण्याचा मान त्याचाच होता. दर रविवारी तो स्तोत्राची एक ओळ लांबलचक सुरात सोडी आणि मागून सगळी मंडळी ती उचलत. त्यामुळे साधं बोलायचं तरी तो ओळ दिल्यासारखंच बोले.

"ऐरिक," तो म्हणाला, "सबंध हिवाळा तू माझ्यासाठी डोंगरावर उभी राहिलीस. मी आंधळा नाही. लोक काय बोलतात तेही मला ठाऊक आहे. तर आज सगळ्यांसमोर..."

"फिन्ले," ऐरिक म्हणाली, "मोजे काढ."

कुणाच्या तरी टोपलीतली हेरिंग तेवढी फडफडली.

"इथे?" फिन्ले म्हणाला.

"इथेच. सगळ्यांसमोर म्हणालास ना?"

फिन्लेचा चेहरा उकडलेल्या खेकड्यासारखा झाला. पण माणसं बघत होती आणि मागे समुद्र होता. त्यानं बसून बूट काढले, मोजे काढले. ऐरिकनं एक मोजा घेतला, टाचेशी सुताचा धागा सुरीनं कापला आणि त्याचा पीळ उलगडून सगळ्यांना दाखवला. वरून निळं-काळं. आतून हरणाच्या पाठीचा रंग.

"क्रोटल," ती म्हणाली. "माझ्या घरामागच्या खडकाचं. ऑक्टोबरपासून याच्या पायात आहे. वादळं किती आली मोजा. बुडाला? उलट जाळी फाटेस्तोवर मासळी आणली. मग सांग फिन्ले, माझं कापड तू कशाला फेकलंस?"

मचव्यावरचे खलाशी हळूच एक एक पाऊल मागे सरकले. इव्हन तर मोज्यांकडे असा बघत होता की जणू ते आत्ता चालायला लागतील.

फिन्लेनं अनवाणी पाय जवळ ओढले. पण तांडेल माणूस. उलट्या वाऱ्यातही शीड कसं धरायचं ते त्याला ठाऊक. त्यानं तपकीर ओढली आणि हसला.

"हे खरं क्रोटल असतं ना ऐरिक, तर मी आत्ता खाली खेकड्यांशी गप्पा मारत असतो. तू करडं उकळलंस. ते रव्याच्या कणांचं. ते झाडावरही येतं. आता झाडावरचं झाडाकडे जाईल. ते समुद्रात कशाला ओढेल? म्हातारपणी तुझी नजर गेली बाई, त्याला मी काय करू?"

लोकांना हे पटायला लागलं! दोघे-तिघे मान डोलावू लागले. एक म्हातारा म्हणाला, "तसं करड्याचाही रंग तांबूसच निघतो." दुसरा म्हणाला, "पण हॅरिसमध्ये झाडं कुठायत?" तिसरा म्हणाला, "एक आहे की, डाकघरामागे." आणि क्रोटलच्या पोटजातींवर धक्क्यावर अशी चर्चा जुंपली की हेरिंग घ्यायचं लोक विसरले. ऐरिक मात्र पांढरीफटक पडली. कापड फेकलं ते फेकलं. आता हा तिच्या हातालाच खोटं पाडत होता. राणीला शेजारीण म्हणत होता!

"ते खरंच आहे," मागून आवाज आला. बेहाक पुढे आली. "खडकावरचं, तपकिरी. पहिला गुंडा हातात घेतला तेव्हाच वासावरून कळलं मला. मला नाक आहे."

फिन्लेनं बहिणीकडे वळून पाहिलं. "मग विणलेस कशाला?"

"तू माझ्या मांजरीला समुद्रावर नेलंस तेव्हा मी विचारलं होतं, परत आली का? तू काय म्हणालास?"

"बेहाक, ते किती वर्षांपूर्वीचं..."

"म्हणालास, मांजर होडीत अपशकुनी, म्हणून वाटेतल्या बेटावर सोडून दिली. मी काही बोलले नाही. मी सूत हातात आलं की विणते."

गोर्मेल काठी टेकत मध्ये आली. "आता सोपं झालं," ती म्हणाली. "फिन्ले, नीट ऐक. क्रोटल बुडवतं असं म्हणत असशील तर हे मोजे घाल, मचव्यात बस, आणि आता माहीत असताना जाऊन ये. बुडवत नाही म्हणत असशील तर ऐरिकला तिचं वाक्य दे. आणि देवळात ओळ देणारा माणूस देवाला जास्त भितो की दगडफुलाला, तेही जाता जाता सांगून टाक."

फिन्लेनं मोज्यांकडे पाहिलं. खलाशांकडे पाहिलं; त्यांच्यातला एकही मचव्याच्या बाजूला उभा नव्हता. मग तो उठला, बूट हातात घेतले आणि फेब्रुवारीच्या दगडांवरून अनवाणी घरी गेला. मोजे धक्क्यावर राहिले. ते उचलायला कुणी वाकेना. शेवटी बेहाकनं उचलले.

गाव खूष झालं. ऐरिक नाही. "वाक्य कुठाय?" ती म्हणाली. "चेहरा पडला तो मी काय ताटात वाढून घेऊ?"

तिनं मग गाणं केलं.

नवं विणलेलं कापड बायका फळीभोवती बसून आपटतात, मळतात, घट्ट करतात. ते शिळ्या मुतात भिजवलेलं असतं, आणि हात चालावेत म्हणून गाणी म्हणतात. एकीनं कडवं, बाकीच्यांनी पालुपद. त्या गाण्यांत कुणाचीही उडवायला मोकळीक असते, आणि त्यावर कुणी रागावायचं नसतं. ऐरिकनं शेजारच्या गावात कापड मळायला जाऊन ते गाणं सोडून दिलं:

तांडेल चालला समुद्रावरी, हि री हो रो,
पायांत खडक, नाकात तपकीर, हि री हो रो,
कापड बुडालं, मोजे तरले, हि री हो रो,
कुणाला पुसू, हा न्याय कसा रे, हि री हो रो!

गाण्याला पाय असतात. मार्च संपेतो ते टार्बर्टला पोचलं. समुद्रावर दुसरे मचवे फिन्लेच्या मचव्याला आडवे गेले की खलाशी ते म्हणू लागले. रविवारी देवळात फिन्लेनं ओळ सोडली की मागच्या बाकावरच्या तरुण पोरी ओठ चावत खाली बघत.

ऐरिकनं त्या हिवाळ्यात दुसरं कापड विणलं होतं. दुसऱ्या खडकांचं, जसं मिळालं तसं. रंग बरा होता, त्यापलीकडे त्यात सांगण्यासारखं काही नव्हतं. ते मळायला एप्रिलच्या एका दुपारी तिच्या घरी बायका जमल्या. फळीवर कापड धपाधप आपटत होतं, गाणं रंगात आलं होतं, आणि दारावर थाप पडली.

"कोण आहे?"

"मी. फिन्ले."

बायकांत आनंदाची लाट गेली. कापड मळताना पुरुष आत सापडला तर त्याला त्याच ओल्या कापडात गुंडाळून फळीवर मळायची जुनी चाल आहे. "ये की आत, ये की!" सगळ्या एका सुरात म्हणाल्या. एकीनं तर बाह्या आणखी वर सारल्या.

"मी बाहेरच बरा," फिन्ले दारापलीकडून म्हणाला. बाहेर गारा पडत होत्या. "ऐरिक, ते गाणं थांबव. काल मला लहान पोरांनी म्हणून दाखवलं."

"थांबवायला वाक्य लागतं."

बाहेरून काहीतरी पुटपुटल्यासारखं ऐकू आलं.

"काय म्हणालास? इथे कापड आपटतंय."

"म्हणालो, मी ते... उगाच फेकलं."

"कुणाचं? काय? मोठ्यानं रे, म्हाताऱ्या बायका आहेत आत."

"मी ऐरिकचं कापड उगाच फेकलं!" फिन्ले ओरडला. "झालं?"

झालं होतं. ज्यासाठी ती अख्खा हिवाळा गारांत उभी राहिली ते वाक्य, चार लोकांसमोर. सगळ्या बायका ऐरिककडे बघायला लागल्या. तिनं हात थांबवला नाही. फळीवरचं कापड डोळ्यांखालून सरकत होतं, बरा रंग, ओलं, मुकाट. आणि ते, जे हरणाच्या पाठीसारखं होतं, ते नव्हतं. वाक्य मिळून ते आलेलं नव्हतं.

"असं नाही," ती म्हणाली. "तू देवळात ओळ देतोस ना, तशी दे. सूर लावून. आम्ही मागून घेतो."

"ऐरिक! पाप लागेल!"

"स्तोत्र कुठे म्हणायला सांगतेय? खरं बोलायला सांगतेय. त्याला काय पाप? दे ओळ."

आणि गारांत उभ्या असलेल्या तपकिऱ्या फिन्लेनं गळा साफ केला. सवयीनं सूर आपोआप लागला, लांब, कापरा, चांगला. त्याचा आवाज खरंच चांगला होता. "मी ऐरिकचं काऽऽपड..." आतून बायकांनी ओळ उचलली, कापड आपटत, "मी ऐरिकचं काऽऽपड..." "उगाऽऽच फेकलं..." "उगाऽऽच फेकलं..." बेहाक सगळ्यांत मोठ्यानं म्हणत होती.

ओळ संपली. गोर्मेलनं मधल्या बोटानं कापडाची रुंदी मापली; आटलंय किती, ते ती बोटानंच बघे. "पुरे झालं गं," ती म्हणाली. "चांगलं घट्ट बसलंय. सोडा आता."

ऐरिकनं कापडाचा काठ दोन बोटांत धरून दिव्यापाशी नेला, उलटा करून पाहिला, आणि परत फळीवर टाकला.

"नाही," ती म्हणाली. "अजून जरा सैल आहे. फिन्ले, पहिल्यापासून घे."